मानेपर्यंत सफेदा

त्यांनी माझी पाठ गोरी केली. मान गोरी केली. हात केले, पाय केले. रंगवाला म्हातारा होता, मन लावून काम करायचा. सफेद्यात बोटं बुडवून त्यानं माझ्या गालाला हात घातला, तसा मागून आवाज आला.

"तोंडाला नको. फुकट कशाला घालवतोस?"

डायरेक्टर बोलला होता. रंगवाल्यानं हात मागं घेतला. गालाला लागलेलं पांढरं त्यानं फडक्यानं पुसून टाकलं, भांड्याला लागलेलं खरकटं पुसावं तसं. मी उभी राहिले. मानेपर्यंत गोरी, वर काळी. नदीच्या काठावर आमची माणसं बसली होती. त्यांच्यात आई होती. ती माझ्याकडे बघून हात हलवत होती.

बोलपट यायच्या आधीची गोष्ट. सिनेमा तेव्हा मुका होता. मुंबईची एक कंपनी रेल्वेनं कर्जतला उतरली आणि बैलगाड्यांत सामान घालून कशेळ्याच्या बाजूला आली. तिथं नदीला खोल डोह आहे, वर काळा कडा. कड्याच्या मागं आमची कातकऱ्यांची वाडी. चित्रात एक राजकन्या होती. सरदार तिच्या मागं लागतो आणि ती अब्रू राखायला कड्यावरून उडी टाकते. राजकन्या झालेल्या बाईला पोहता येत नव्हतं. आधी एका गड्याला लुगडं नेसवून बघितलं, पण त्याचे खांदे काही लपेनात. मग मुकादम मला घेऊन आला. त्याच्या कोळशाच्या भट्टीवर आमची सगळी वाडी राबायची.

"ही पोर डोहात बुडी मारून मासं काढती, सायेब," तो म्हणाला. "मरायची नाय."

मी तेव्हा पंधरा-सोळाची. लग्न झालेलं, नांदायला जायचं राहिलेलं, ते राहूनच गेलं. वाडीत आमची बोली निराळी. इथं सगळ्यांना कळेल असं सांगते आहे.

बाई खुर्चीत बसली होती. एक माणूस नुसता तिच्यावर छत्री धरायला. तिला चहा कपबशीतून, मला करवंटीतून. त्याचं मला काही वाटलं नाही. करवंटीची सवय होती. जिव्हारी लागलं ते दुसरंच.

माझ्या उडीच्या आधी तिचं रडायचं काम होतं. कॅमेरावाल्यानं हँडल फिरवायला सुरुवात केली आणि ती रडली. सगळं थांबलं. गाडीवाले थांबले. मुकादमानं तोंडातली विडी काढून हातात धरली. एवढी माणसं एका बाईच्या तोंडाकडे गप्प उभी राहून बघत होती. तिच्या ओठाच्या कोपऱ्यात काय हललं तेसुद्धा बघत होती. आमच्याकडे असं कुणी बघितलेलं नाही. आमच्या हाताकडे बघतात, काम होईल का. पाठीकडे बघतात, ओझं पेलेल का. तोंडाकडे बघायची गरजच कुणाला पडत नाही.

सरळ सांगते, मी जळले. तिची पैंजणं मला नको होती. छत्री नको होती, कपबशी नको होती. मला ते बघणं पाहिजे होतं. माझं तोंडही रडतं, हसतं, रागावतं. मग तिचंच काय असं?

रडून झाल्यावर ती माझ्याजवळ आली. नाकाला रुमाल लावून माझ्याभोवती एक चक्कर मारली.

"अगबाई, किती काळी. मी अशी दिसणार का? अजून लावा हिला."

हे ती मला म्हणाली नाही. माझ्या पाठीला म्हणाली. तिच्यासारखंच दुसरं लुगडं मला नेसवलं होतं. एकाच ताग्यातलं, एकाच रंगाचं. काम झाल्यावर कंपनी ते परत घेणार नाही, असं रंगवाल्यानं हळूच सांगितलं. कातकरणीच्या अंगाला लागलेलं कोण नेसणार?

मी कड्यावर गेले. मागच्या उतारावर कॅमेरा, कंपनी आणि आमची माणसं. धारेकडे धावत जायचं आणि उडी टाकायची, एवढंच. पण उडीच्या आधी आई दिसते का म्हणून मी मागं वळले. कुणीही वळलं असतं. तसा डायरेक्टर कर्णा तोंडाला लावून ओरडला, "ए, तोंड तिकडं. तुझं तोंड कुणाला बघायचंय?"

माणसं हसली. बाई हसली. तिचे दात मला वरून दिसले. मी तोंड फिरवलं, धावले आणि उडी टाकली. डोहात खाली गेले तसा सफेदा सुटला आणि माझ्याभोवती पाणी ताकासारखं झालं. मी वर चढून आले तेव्हा सगळे बाईसाठी टाळ्या वाजवत होते.

आईला यातलं काही कळलं नाही. ती वाडीभर सांगत सुटली, "माजी पोर शिनेमात हाय."

भात कापून झाल्यावर ते चित्र कर्जतच्या तंबूत आलं. आख्खी वाडी डोंगर उतरून गेली. म्हातारी माणसंसुद्धा. तंबूत मधोमध पडदा टांगलेला असायचा. पुढच्या बाजूला बाकडी, तिथं गावातली माणसं. आम्हाला पडद्याच्या मागं, भुईवर. त्या कापडातून चित्र मागूनही दिसतं, फक्त उलटं. मागून बघताना राजा डाव्या हातानं तलवार उपसायचा. अक्षरं उलटी यायची, पण वाचता कुणाला येत होतं?

आम्ही बसलो आणि आईनं एक गोष्ट काढली.

"पोरीची पाठ काढली ना त्यांनी?"

"हां."

"मंग पुडं बसल्यात त्यांना पाठ दिसंल. आपुन मागं हाव. आपल्याला तोंड दिसंल." ती बाजूच्या म्हातारीकडे वळली. "बरं झालं गं, आपल्याला मागं बसवलं."

सगळ्या वाडीला ते पटलं. मलाही पटलं. आज कुणी हसेल, पण आम्ही कुणीच आधी चित्र बघितलं नव्हतं. माणसाच्या पुढं गेलं की पाठ दिसत नाही, तोंड दिसतं, एवढं आम्हाला ठाऊक होतं. पडद्यालाही तोच हिशेब असेल असं वाटलं. त्या वेळी मी पहिल्यांदा राणीसारखी बसले. बाकड्यावरच्या लोकांची मला कीव आली. पैसे देऊन पाठ बघायला आलेत बिचारे. बाई, तुझं तोंड त्यांना. माझं आम्हाला.

मग कडा आला. आमचा कडा. पोरांनी ओळखला, किलबिल केली. लुगडं नेसलेली पाठमोरी बाई कड्यावर आली. ती आमच्याही बाजूनं पाठमोरीच होती. तशीच धावली, तशीच पडली. लगेच पाण्यातून एक तोंड वर आलं. भिजलेलं, गोरं, देखणं. तिचं. पुढून टाळ्यांचा कडकडाट झाला.

"तुजं तोंड कुटं हाय?" आईनं विचारलं.

आई उठली. पडद्यापाशी गेली. कापड चाचपलं. मग खालची कड वर उचलून तिनं डोकं पलीकडे घातलं. लेकीचं तोंड इकडं नाही तर तिकडं असेल, म्हणून बघायला गेली. दिव्याचा सगळा झोत तिच्या तोंडावर आला. पुढची माणसं खदखदून हसली. तंबूवाला काठी घेऊन धावला.

"ए म्हातारे, मागं हो. तोंड आत घे."

काठीचं टोक त्यानं आईच्या कपाळाला लावलं आणि ढकललं. आई मागं येऊन माझ्याजवळ बसली. कपाळ चोळत होती. मला म्हणाली, "तिकडं पण नाय गं."

त्या दिवशी पडद्यावर आमच्यातलं एकच तोंड दिसलं आणि त्याला लोक हसले. मी परतीच्या वाटेवर आईच्या मागून चालले. मला आईची लाज वाटत नव्हती. मला पाण्यातून वर आलेलं ते तोंड दिसत होतं. पाण्यात मी गेले होते. वर ती कशी आली?

पुढच्या उन्हाळ्यात कंपनी परत आली. तीच बाई, आता आणखी नावाजलेली. गाडीतून उतरताना दोघंजणं हात द्यायला. पुन्हा कडा, पुन्हा उडी. मुकादमाचा निरोप आला आणि मी गेले. रंगवाल्यानं पाठ रंगवली, मान रंगवली. मी रंगवून घेतलं. मग कड्यावर गेले. मागं उतारावर हँडल फिरायला लागलं.

मी वळले. धारेकडे न धावता माघारी चालत आले, सरळ कॅमेऱ्याकडे. कर्ण्यातून शिव्या येत होत्या. कॅमेरावाला गोंधळला, पण हात सवयीनं फिरतच राहिला. मी त्याच्या पुढं जाऊन उभी राहिले आणि त्या काचेत बघितलं. रडले नाही, हसले नाही. नुसतं तोंड दाखवलं. हँडल थांबेपर्यंत.

"वेडी झालीस का?" डायरेक्टर धावत आला. "फिल्म खराब केलीस."

"उडी पायजे तर तोंडासकट घ्या," मी म्हटलं. "नायतर बाईला सांगा."

बाई खुर्चीतून उठली होती. पहिल्यांदा ती माझ्या तोंडाकडे बघत होती. तिचा रुमाल खाली पडला होता, छत्रीवाला तो उचलत होता.

मुकादमानं त्याच दिवशी माझं आणि आईचं भट्टीचं काम तोडलं. आम्ही खालापूरच्या बाजूला दुसऱ्या भट्टीवर गेलो. आईनं मला एका शब्दानं दुखवलं नाही. ती फीत त्यांनी कापून टाकलीच असेल. टाकू दे. टाकण्याआधी कुणीतरी उजेडासमोर धरली असेल, आणि तिच्यात मी होते.

लोक म्हणतात, हा स्वाभिमान. मला तो शब्द नंतर कळला. माझ्यात आधी हेवा होता. हेवा वाईट, असं सांगणाऱ्यांना कधी पडद्यामागं बसावं लागलेलं नाही. अक्षरं शिकले तीही हेव्यापोटीच. कोळसा न्यायला येणाऱ्या गाडीवाल्याकडून शिकले, भिंतीवरच्या जाहिरातीत तिचं नाव कसं लिहितात ते बघायला. मग बोलपट आले. तिचा आवाज चिरका निघाला म्हणे, तिला कामं मिळेनात. मला आनंद झाला, लपवत नाही. पण तिचं तोंड गेलं म्हणून माझं थोडंच आलं?

तिची जुनी मुकी चित्रं मग खेड्यापाड्यांत फिरायला लागली. खालापूरला तंबू आला. जाहिरात मी स्वतः वाचली. तेच चित्र, माझ्या पहिल्या उडीचं. ते पुढून बघायचं राहिलं होतं. आईचा हात धरून मी आत गेले आणि पुढच्या बाकड्यावर बसले.

"उट गं," आई कुजबुजली. "मारतील."

"मारू दे."

तंबूवाला आला. "तुमची जागा मागं." मी हलले नाही. पडद्यावर कडा आला होता. माझी पाठ धारेकडे धावत होती, आणि त्याच वेळी माझ्या खऱ्या पाठीत काठी बसली.

मी उठले नाही. बसल्या जागी वळले आणि त्याच्याकडे तोंड केलं.

"हितं मार," मी म्हटलं. "बगून मार."

पुढं त्यानं काय केलं ते सांगत बसत नाही. चित्र संपेपर्यंत आम्ही दोघी बाकड्यावर होतो, एवढं सांगते. माझी पाठ आता कुणाला मिळायची नाही. रंगवायला नाही आणि मारायलाही नाही. ज्याला माझं काही करायचं असेल त्यानं माझ्या तोंडाकडे बघून करावं.