जर्मन बाईंची कोरी ओळ

आमच्या खालच्या मजल्यावरच्या जर्मन बाईंइतकं मन लावून ऐकणारं माणूस अख्ख्या बहरीनमध्ये सापडायचं नाही. त्या चित्रपट लिहितात, बायकांचे आणि बदलत्या वस्त्यांचे: खाण बंद पडलेलं गाव, ओस पडत चाललेली कामगारांची वसाहत. मी जयंतीच्या मिरवणुकीत पत्रकं वाटत वाढलेली. ज्यात भाषण नाही तो चित्रपट कसला, असं माझं ठाम मत. त्यांच्या चित्रपटांत एकही भाषण नाही, आणि तरी पाहून उठले तेव्हा माझ्या मुठी आवळलेल्या होत्या.

इथल्या भारतीय कुटुंबांवर लिहायला त्या आमच्या ईसा टाउनला आल्या आणि मी जिच्याकडे राहते त्या काकूच्या स्वयंपाकघरातच मुक्कामाला असल्यासारख्या झाल्या. खरं बोलणं गॅसजवळ होतं, हा त्यांचा सिद्धांत, म्हणून सोफा वर्ज्य. तांदळाच्या डब्यावर बसून लसूण सोलायच्या, चिवडा चमच्याने खायच्या, लिहिताना अडल्या की पेनालाच इथल्या अरबीत दटावायच्या, ‘यल्ला, यल्ला’, म्हणजे चल, चल. एकदा काकांनी त्यांचा सत्कार ठेवला. सगळे हॉलमध्ये हार घेऊन उभे आणि बाई आत डब्यावर. शेवटी तो हार लसणाच्या सालांत बसलेल्या बाईंच्या गळ्यात तिथेच घातला गेला.

आणखी एक खोड म्हणजे, लिहिलेला प्रसंग त्या घरच्यांकडूनच वाचून घेत. पण नवऱ्याचे संवाद बायकोने वाचायचे आणि बायकोचे नवऱ्याने. मराठी मी करून द्यायचे.

त्याच सुमारास काकांनी काकूचं नागपूरचं तिकीट काढलं. सलमाबादच्या त्यांच्या वर्कशॉपमध्ये ओव्हरटाइम बंद झाला होता. अशा वेळी फॅमिली गावी पाठवायची आणि आपण बॅचलर खोलीत जायचं, ही इथली घरोघरची रीत. समतेवर तासभर बोलणाऱ्या काकांनी हे जेवताना एका वाक्यात उरकलं. काकूला नुकतंच पाळणाघरात काम मिळत होतं. ती भांडी घासत राहिली. बाई डब्यावरच होत्या, त्यांना मी हळूच अर्थ सांगितला. काकूला विचारून त्यांनी तो प्रसंग जसाच्या तसा उतरवला.

शुक्रवारी वाचन झालं. काकूने नवऱ्याचं वाक्य वाचलं, “तुझं तिकीट काढलंय.” आता काकांची पाळी. बायकोच्या नावापुढे ओळ कोरी होती. तिथे मी अर्धं पान जळजळीत भाषण लिहून दिलं होतं. बाईंनी ते हसून परत केलं होतं.

काकांनी कागद उलटून पाहिला. “अगं, इथलं भाषांतर राहिलंय.”

“नाही काका, मुळातच कोरं आहे.”

बाईंनी हातानेच खूण केली, वाचा. काका काय वाचणार? एसी तेवढा घरघरत राहिला. मग कागदावरची नजर न काढता ते म्हणाले, “ही बोलत का नाही?”

“तिला विचारलं कुठे?” काकू म्हणाली.

काकांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. “मग... काय म्हणणं आहे तुझं?”

“मला राहायचंय.”

तिकीट रद्द झालं. भाडं वाटून घ्यायला एका खोलीत आता दुसरं कुटुंब आलंय आणि सकाळी बाथरूमपुढे रांग लागते. काकू त्याच रांगेतून आवरून पाळणाघरात जाते.

बाई कधीच्या परत गेल्या. चित्रपट अजून आलेला नाही. पण काका हल्ली काही ठरवून सांगायला लागले की मध्येच थांबतात आणि काकूकडे बघतात. काकूही उत्तर द्यायला मजेत वेळ घेते. तेवढ्या वेळात माझी नजर तांदळाच्या डब्याकडे जाते. त्यावर आता कोणी बसत नाही.