नाचातला वेटर
काल मोबाइलवर नव्वदीतला तो नाइटक्लबचा सिनेमा दिसला आणि आमच्या आंजी गावातली लहानपणीची एक दुपार आठवली. मोठ्या आईचा, म्हणजे काकूचा, मुलगा मुंबईला जाऊन त्या सिनेमात वेटर झाला होता, म्हणून घरी भाड्याने व्हीसीआर आणला. पण क्लबमधला नाच सुरू झाला की बाबा "बायापोरं बसली हायेत!" म्हणत कॅसेट पुढे पळवत. सिनेमा संपला. "आपला आलाच नाई जी, भाऊजी," मोठी आई म्हणाली. पुढे तो मुंबईहूनही परतला नाही. तेव्हा हुकलेला नाच या वयात पाहायची हौस म्हणून काल सिनेमा लावला, तर नाचणाऱ्यांच्या मागे तोच उभा, हातात ट्रे. मोठ्या आईला आता डोळ्यांनी दिसत नाही. तिला सांगितलं, तर म्हणाली, "जेवल्यासारखा दिसते का रे?"