उंबरठा नसलेल्या दारात

"बहनजी, पहले प्रोजेक्टर टेबल पर रखा, फिर गिरे... हमें लगा, रोज़ का मज़ाक है।" सुधाकरदादाच्या ऑफिसमधले सहकारी फोनवर रडत सांगत होते. हृदय बंद पडून दादा गेला त्याला महिना झाला, पण ते वाक्य काही माझा पिच्छा सोडत नाही. माणसं हसली असतील. हसायची सवय त्यानंच लावली होती ना! रागवायचं तरी कुणावर?

शाळाशाळांत फिल्म दाखवण्याची त्याची सरकारी नोकरी. बाबा गेल्यावर त्यानं आईला वाईजवळच्या गावातून नोएडाला आणलं. नवा सेक्टर, नवे फ्लॅट, घरोघरी नुकतेच आलेले केबलचे चॅनल, आणि आईला हिंदीचा गंध नाही. ती गप्पच झाली, जेवणही तुटलं. दादा हबकला. एका रविवारी त्यानं ऑफिसचा प्रोजेक्टर घरी आणला, भिंतीवर चादर टांगली आणि दहा-दहा मिनिटांचे जुने मूकपट लावले. कुणी शिडीवरून कोसळतोय, कुणी बादलीत पाय अडकवून जिना उतरतोय... आई पदर तोंडाला लावून हसली! शेजारची सरदारीण तर तिच्या पाठीत थापा मारत होती. दोघींना भाषा लागलीच नाही.

"उंबरठा नाही ते कसलं रं घर?" अशी आईची कुरकुर असायची. मग काय, दादा रोज संध्याकाळी त्या नसलेल्या उंबरठ्याला अडखळायला लागला. भाजीची पिशवी उडायची, ती तो बरोबर झेलायचा आणि मग स्वतः धाडकन आडवा! आई रोज तेवढीच हसायची. पुढं ऑफिसातही तो असाच पडून दाखवायला लागला. मी दिल्लीहून, करोल बागेतल्या माझ्या घरून भेटायला गेले की ओरडायचे, "अरे, पन्नाशी आली, हाडं मोडतील!" तर म्हणायचा, "वेडे, नुसत्या पडण्याला कोण हसतं? हातातलं वाचवायचं आणि आपण पडायचं, त्यात खरी गंमत." शेवटीही तेच केलंस रे दादा. मशीन वाचवलंस.

सध्या मी आईजवळच राहते. ती पुन्हा गप्प झाली आहे. महिनाभर रडली नाही, नीट जेवली नाही, मला फार भीती वाटते. परवा संध्याकाळी मात्र उठली आणि दाराजवळचं स्टूल भिंतीकडे सरकवू लागली. मी विचारलं, "आई, कशाला गं?"

"त्याला पडायला जागा नको व्हय?" ती म्हणाली, आणि तिथंच खाली बसून हमसून हमसून रडली.

स्टूल अजून भिंतीलाच आहे.