चाप जड झाला तेव्हा

"चाप जड झालाय गं," असं नवरा पहिल्यांदा म्हणाला तेव्हा मी डायनिंग टेबलवर शाळेतले गणिताचे पेपर तपासत बसले होते. तो नुकताच रानातून परत आला होता. बूट दाराबाहेर काढून उजव्या हाताची तर्जनी डाव्या हाताने चोळत उभा होता.

"कसला चाप?"

"रायफलचा. ओढतोय, ओढतोय, सुटतच नाही. भेकर समोर उभं होतं. बघितलं माझ्याकडे आणि गेलं निघून."

मला खरं तर बरंच वाटलं. बिचारं वाचलं, एवढंच मनात आलं, आणि मी पुढचा पेपर ओढला.

आम्ही इंग्लंडमध्ये लेस्टरच्या बाहेर एका खेड्यात राहायचो. तो हॉस्पिटलमध्ये भूल देणारा डॉक्टर, मी सेकंडरी स्कूलमध्ये शिक्षिका. मी पुण्याची, माझ्या माहेरी अंडंसुद्धा घरात येत नसे. तो कोल्हापूरकडचा, मटणाच्या वासावर वाढलेला. कॉलेजात एनसीसीमध्ये त्याने नेमबाजी केली होती, पण इथे येऊन बंदूक हातात धरेल असं दोघांनाही कधी वाटलं नव्हतं. या घरात आल्यावर एका संध्याकाळी बागेमागच्या झाडीतून कुत्र्यासारखं काहीतरी भुंकलं. हा हातातला कप घेऊन तसाच बाहेर पळाला. "अगं, हे भेकर आहे! राधानगरीला आजोळी ऐकायचो आम्ही!" इथे या छोट्या हरणाला मंटजॅक म्हणतात. कुणीतरी कधीकाळी बाहेरून आणलं, ते सुटलं, पसरलं आणि आता रानातली सगळी कोवळी रोपं खातं, असं शेजारच्या शेतकऱ्याने सांगितलं. संख्या आटोक्यात ठेवायला त्याला कुणीतरी भरवशाचं हवं होतं. "बाहेरून आलं, इथेच रुजलं आणि आता जास्त झालं म्हणतायत," नवरा हसून म्हणाला होता, "आपल्यावरच पाळी आली म्हणायची."

मग पोलिसांकडून बंदुकीचं सर्टिफिकेट आलं, घरी चौकशी झाली, जिन्याखाली भिंतीत बोल्ट मारून लोखंडी कपाट बसलं. त्याची किल्ली कुठे असते ते मला माहीत नव्हतं. सर्टिफिकेट त्याच्या नावावर, त्यामुळे किल्लीही फक्त त्याला ठाऊक असायची, असा इथला कायदा. सगळ्या घरात तेवढी एकच जागा मला परकी होती. मला त्याचं काही वाटत नसे.

तो फार मारायचाही नाही. बहुतेक वेळा रिकाम्या हातानेच यायचा आणि तरी खूश असायचा. आठवडाभर ऑपरेशन थिएटरच्या दिव्यांखाली उभं राहिलेल्या माणसाला झाडाखाली गप्प बसायला मिळायचं, तेवढंच हवं असायचं. कधी काही मिळालंच तर नणंदेने पाठवलेल्या चटणीत लालभडक रस्सा व्हायचा आणि मी किचनच्या सगळ्या खिडक्या उघड्या टाकायची. पुढेपुढे नुसता रस्सा भातावर घ्यायला शिकले.

तर चाप जड झाला. गॅरेजमध्ये स्क्रू-ड्रायव्हर घेऊन बसण्यातला तो नव्हता. "हे घरी करायचं काम नाही," असं म्हणून त्याने बंदुका दुरुस्त करणाऱ्या गनस्मिथला फोन केला. शनिवारी बेलग्रेव्ह रोडवरून भाजी घेऊन आम्ही तसेच पुढे गेलो.

गनस्मिथचं वर्कशॉप त्याच्या घरामागेच होतं. सत्तरीचा, बुटका, स्वच्छ नखांचा माणूस. त्याने रायफल घेतली, मागचा बोल्ट ओढून उघडला, नळीत डोकावून पाहिलं, मग करंगळी घालून ती रिकामी असल्याची पुन्हा खात्री केली. गाडीतून काढताना नवऱ्यानेही अगदी हेच केलं होतं. मग त्याने एक छोटा काटा आणला, भाजीवाल्याकडे असतो तसा हुकवाला. बोल्ट बंद करून हुक चापाला अडकवला आणि हळूहळू ओढला. टिक. पुन्हा ओढला. बऱ्याच वेळा ओढला.

"दीड किलोच्या जरा वर," तो म्हणाला. "गेल्या वेळी तपासला तेव्हा होता तेवढाच आहे, डॉक्टर."

"तेल घट्ट झालं असेल आत? थंडीने?"

"मलाही तेच वाटलं होतं. पण आत सगळं स्वच्छ आहे."

नवऱ्याने रायफल हातात घेतली, खांद्याला लावली, भिंतीकडे रोखून चाप ओढला. त्याच्या मानेची शीर ताठली. बऱ्याच वेळाने टिक झालं. "बघा ना," तो म्हणाला.

गनस्मिथने माझ्याकडे पाहिलं. "तुम्ही ओढून बघता का? रिकामी आहे."

मी तोवर तिला कधी हात लावला नव्हता. तिचं वजनच मला झेपत नव्हतं, म्हणून गनस्मिथने पुढून आधार दिला. मी बोट चापावर ठेवलं. ओढायचं ठरवण्याआधीच टिक झालं.

मी रायफल परत दिली. तो आवाज मला अजून ऐकू येतो. तेव्हा मी चाप ओढायला नको होता, निदान थोडं जड गेल्यासारखं तरी करायला हवं होतं, असं वाटत राहिलं.

"थोडा हलका करून देतो," गनस्मिथ म्हणाला. "बनवणाऱ्याने एक हद्द ठरवून दिलेली असते. तिथवर नेतो. त्याच्या खाली नाही." त्याने लाकडी दस्ता सोडवला, आतला बारीकसा स्क्रू किंचित फिरवला, पुन्हा काटा लावून वजन घेतलं. मग बोल्ट जोरात बंद करून पाहिला, एकदा सेफ्टी लावून आणि एकदा काढून दस्ता रबरी चटईवर आपटला, रबरी हातोडीने सगळीकडून ठोकलं. चाप न ओढता रायफल सुटते का, ते तो बघत होता. सुटली नाही. शेवटी स्क्रूवर लाल रंगाचा थेंब सोडला, नेलपॉलिशसारखा, म्हणजे पुढे कुणी छेडलं तर कळावं.

परत येताना गाडीत कोथिंबिरीचा वास भरला होता. घरी आल्यावर नवऱ्याने टेबलवरचा दिवा लावला आणि त्याखाली दोन्ही हात शेजारी शेजारी ठेवले.

"हे बघ."

उजव्या हाताचा अंगठा आणि तर्जनी यांच्यामधला फुगीर भाग बसला होता. तिथे खळगा पडला होता. रोज माझ्या हातातून चहाचा कप घेणारा तो हात, आणि मला दिसलं नव्हतं.

"दुखतं का रे?"

"नाही," तो म्हणाला. "दुखत असतं तर बरं झालं असतं."

मी डॉक्टर नाही, पण एका डॉक्टरबरोबर इतकी वर्षं काढल्यावर अशा वाक्याचा अर्थ कळतो: दुखत असतं तर साधी इजा असती, न दुखता बसलेला हात म्हणजे नसांचं काहीतरी. मग हळूहळू बाकीचंही त्याने सांगितलं. हॉस्पिटलमध्ये औषधाची काचेची कुपी त्याला मोडता येत नव्हती, बरोबरच्या नर्सला मोडायला सांगायचा. पेन धरून बोट थकायचं. हे सगळं त्याने वयावर ढकललं होतं.

तपासण्या सुरू झाल्या. मधल्या काळात मुलीचा ब्रॅकनेलहून फोन आला. ती तिथे आयटीत आहे, इथेच जन्मलेली, मराठी तिचं नेहमी अडखळतं. बाबाशी बोलून झाल्यावर तिने मला पुन्हा लावला. "आई, बाबाचा आवाज वेगळी वाटते."

एरवी मी लगेच म्हणाले असते, वेगळी नाही, वेगळा. त्या दिवशी नाही म्हणाले.

"कशी वाटते?" मी तिच्यासारखंच विचारलं.

"लाइक, तो झोपेत बोलते असं."

न्यूरॉलॉजिस्ट एक तरुण बाई होत्या. मोटर न्यूरॉन डिसीज, म्हणजे स्नायू एकेक करून निकामी करणारा, बरा न होणारा आजार, हे शब्द उच्चारताना त्या त्याच्याकडे न बघता माझ्याकडे बघत होत्या, कारण त्याला आधीच माहीत आहे हे त्यांना दिसत होतं. बाहेर कॉरिडॉरमध्ये तो म्हणाला, "कॉफी घेऊया," आणि आम्ही खरंच रांगेत उभं राहून कॉफी घेतली. त्याच्या कपावर झाकण बसेना. मी बसवून दिलं. त्या दिवसापासून झाकणं माझ्याकडे आली, मग शर्टाची बटणं, मग बुटांच्या नाड्या.

त्याने काम थांबवलं. हिवाळा आला तसा हलका केलेला चापही त्याला ओढवेना. एका सकाळी तो म्हणाला, "मला त्याच्याकडे घेऊन चल." तोपर्यंत गाडी मी चालवत होते.

गनस्मिथला काही सांगावं लागलं नाही. बारीक झालेला हात त्याने बघितला आणि खुर्ची पुढे सरकवली.

"आणखी हलका करा," नवरा म्हणाला. त्याचे शब्द तेव्हा जिभेवर जड व्हायला लागले होते. "मला फक्त एकदा जायचंय. एक सकाळ. शेतकरी येईल बरोबर."

"डॉक्टर, हद्दीच्या खाली मी नेत नाही."

"का, ते दाखवा मला."

म्हाताऱ्याने रायफल रिकामी असल्याची खात्री केली, तो लाल थेंब खरवडला आणि स्क्रू आणखी फिरवला. बोल्ट बंद केला. चापाला कुणाचंच बोट नव्हतं. त्याने रबरी हातोडीने दस्त्यावर हलकेच ठोकलं.

टिक.

नवऱ्याने डोळे मिटले. भरलेली रायफल असती, चिखलात पाय घसरला असता, शेजारी शेतकरी असता, एवढं सगळं त्या आवाजात होतं. "परत वर न्या," तो म्हणाला. आणि मग माझ्याकडे वळून मराठीत, "थिएटरमध्ये कुणी असं मशीन वापरलं असतं तर मी त्याला बाहेर काढलं असतं."

गनस्मिथने स्क्रू मुळातल्या जागी नेला, काट्यावर तपासलं, सगळीकडून ठोकून पाहिलं, नवा लाल थेंब सोडला. पैसे घ्यायला तो तयार होईना. नवऱ्याने निघताना त्याच्या खांद्यावर हात ठेवला, कारण हस्तांदोलन करता येत नव्हतं.

घरी कपाट उघडून त्याने रायफल आत ठेवली. किल्ली फिरवायला किती वेळ लागला ते मी जिन्यावर पाठ करून बसून ऐकलं. धातू खरवडत होता, थांबत होता, पुन्हा खरवडत होता. मी उठून एका क्षणात ती फिरवली असती. त्याला जेवण मी भरवत होते, दाढी मी करत होते, पण त्या किल्लीला हात लावायची परवानगी मला नव्हती. बाहेर आला तेव्हा त्याचं कपाळ घामाने ओलं होतं.

"आता ही घरात नको," तो म्हणाला.

"हो."

"हात चालत नाही म्हणून नाही म्हणत मी. कधीकधी सकाळी..." एवढं बोलून तो थांबला. मी त्याचा हात धरला. त्याने वाक्य पुरं केलं नाही आणि मीही करायला लावलं नाही. आम्हाला दोघांनाही ते कळलं होतं, आणि तेवढं तरी त्याने स्वतः बोलून दाखवलं याचे उपकार मी अजून मानते. त्याच दिवशी आमच्या फॅमिली डॉक्टरला, जीपीला, आम्ही त्या सकाळच्या विचारांबद्दलही सांगितलं. पोलिसांच्या शस्त्रपरवाना विभागाला त्याने स्वतः फोन केला. बोलणं समजेना तेव्हा मी फोन स्पीकरवर टाकला आणि त्याचं एकेक वाक्य पुन्हा सांगितलं. पलीकडची बाई मृदू होती. "सर, तुम्ही वेळेवर कळवलंत," ती म्हणाली.

दुसऱ्या दिवशी गनस्मिथ व्हॅन घेऊन आला. त्याच्याकडे दुसऱ्यांच्या बंदुका ठेवून घ्यायचा परवाना होता. नवऱ्याने मला बागेत जायला सांगितलं, किल्लीची जागा मला दिसू नये म्हणून, कायद्याप्रमाणे. मी बागेत थंडीत उभी राहिले. आतून दोघांचं बोलणं ऐकू येत होतं, एकाचं स्पष्ट आणि एकाचं ओलं, ओढलेलं. मग म्हातारा हिरव्या पिशवीत गुंडाळलेली रायफल घेऊन बाहेर आला. व्हॅनपाशी थांबून त्याने टोपी काढली आणि काही बोलायला तोंड उघडलं. शेवटी "चहा छान होता," एवढंच म्हणाला. मी त्याला चहा दिलाच नव्हता.

त्यानंतर नवरा सव्वा वर्ष जगला. आवाज गेला तेव्हा तो तक्त्यावरची अक्षरं डोळ्यांनी दाखवून बोलायचा, आणि मुलगी नोकरी सांभाळून दर शुक्रवारी यायची. तिच्यासाठी तो मराठीत अक्षरं दाखवायचा आणि ती शाळेतल्या पोरीसारखी एकेक जोडून मोठ्याने वाचायची. त्या वर्षात तिचं मराठी सुधारलं. वसंतात एका दुपारी, आम्ही दोघी जवळ असताना, त्याचा श्वास थांबला. शेतकरी आला, गनस्मिथ आला, हॉस्पिटलमधली माणसं आली. नणंद व्हिडिओ कॉलवर रडली.

मी शाळेत पुन्हा रुजू झाले. कुठे निघायचं असलं की मी अजूनही खूप आधी तयारीला लागते. त्याचे कपडे, त्याचे बूट, त्याची खुर्ची गाडीत चढवणं, या सगळ्याला वेळ लागायचा, म्हणून अंगाला सवय पडून गेली आहे. मग माझा एकटीचा कोट घालून होतो, बटणं लावून होतात, आणि निघायला बराच वेळ उरलेला असतो. तेवढा वेळ मी हॉलमधल्या खुर्चीवर पर्स मांडीवर घेऊन बसून राहते.