सुमनचं डिकॅन्युलेशन

त्या सकाळी सुमननं बोट उचललं नाही, तेव्हाच मला कळलं. चहाचा कप घेऊन मी तिच्या खाटेशी गेले, "ऊठ वं," म्हटलं आणि थांबले. आमच्या घरात असं थांबायची सवयच होती. सुमन माझी धाकटी जाऊ. तिच्या गळ्यात, पुढच्या खळगीत, नळी बसवलेली होती. त्या नळीच्या तोंडावर बोट दाबलं की वारा वर वळायचा आणि आवाज फुटायचा, फाटक्या बांबूत कुणी फुंकावं तसा. बोट काढलं की नुसता श्वास. म्हणून तिचा हात गळ्याकडे गेला की आम्ही सारे गप्प व्हायचो, चाललेलं भांडणसुद्धा थांबायचं. त्या दिवशी मी थांबले ती थांबलेच… कप हातात निवून गेला. पंधरवडाभर छातीत कफ होता, ताप होता, यवतमाळच्या दवाखान्यातून नुकतंच घरी आणलं होतं. दसऱ्याच्या आगेमागे ती गेली. आता कापसाची वेचणी लागली आहे. घर शांत आहे आणि मला बोलल्याशिवाय राहवत नाही, म्हणून लिहायला बसले.

लग्न होऊन आली तेव्हा सुमनचा आवाज असा होता की दारव्ह्याच्या बाजारात ती वांग्याचा भाव पाडायला लागली की शेजारचा मिरचीवाला आपणहून भाव कमी करायचा. त्याच बाजाराला जाताना झालं. नामदेवभाऊजी, म्हणजे माझे दीर, मोटारसायकल चालवत होते, ही मागे एका बाजूला पाय टाकून बसलेली. उघड्यावर वारं सुटलं, पदर उडाला आणि मागच्या चाकात गेला. चाकानं तो गुंडाळून घेतला, गळ्याला फास बसला आणि ती रस्त्यावर. जखम म्हणाल तर बाहेरून काहीच नव्हती, एक काळा वळ. पण आत स्वरयंत्राचं हाड पिचलं होतं. यवतमाळला नेईस्तोवर श्वास शीळ घालत होता. डॉक्टरांनी कागदावर भाऊजींची सही घेतली आणि म्हणाले, ट्रॅकिओस्टॉमी करावी लागेल, आत्ताच.

ती कपाशी बुडत गेल्याची वर्षं. आज या गावातून, उद्या त्या गावातून वाईट बातमी यायची. दवाखान्यात नेलं म्हटलं की लोक पुढचं विचारतच नसत, धरूनच चालत की फवारणीचं औषध घेतलं. सुमन गळ्याला पट्टी बांधून घरी आली, तर आमची शेजारीण कांताबाई डोळ्याला पदर लावूनच आत आली. "काहून असं केलं वं बाई? घरादाराचा तरी इचार कराचा." सुमनला तोवर बोट ठेवून बोलायचं नुकतंच जमलं होतं. तिनं नळी दाबली आणि तो फाटका आवाज आम्ही सगळ्यांनी पहिल्यांदा नीट ऐकला. "कांताबाई, चाकाले माहा पदर पाह्यजे होता. मी देल्ला नाई." कांताबाई रडता रडता हसली. पण गावभर बोभाटा झालाच, गळा कापला म्हणे, आता काय उरलं. मग मीच घरोघरी सांगत फिरले.

मला सांगता आलं कारण मी विचारून घेतलं होतं. शाळेत मी गेलेली नाही, लिहावाचायला शिकले ती पुड्यांच्या कागदांवरून, त्यामुळे नवीन शब्द दिसला की सोडवत नाही. वॉर्डातली सिस्टर वयानं माझ्या लेकीएवढी. तिनं नीट समजावलं. ट्रॅकिया म्हणजे श्वासाची नळी. शेवटी टॉमी आलं तर नुसतं चिरणं, आणि स्टॉमी आलं तर तिथं तोंड करून ठेवणं. "चिरा बुजतो, मावशी. तोंड उघडं ठेवावं लागते," ती म्हणाली. आत चांदीसारखी धातूची नळी, तिच्यात आणखी एक बारीक नळी. आतली रोज काढायची, ब्रशनं घासायची, उकळायची, परत बसवायची. तोंडावर ओला गॉज, पट्टीचं जाळीदार कापड, ठेवायचा म्हणजे धूळ आत जात नाही. "आणि हे काढाचं कवा?" मी विचारलं. तेव्हा तिनं दुसरा शब्द दिला. डिकॅन्युलेशन. कॅन्युला म्हणजे नळी, ती काढून घेणं म्हणजे डिकॅन्युलेशन. पण आधी नळीला बूच लावून पाहतात. एक दिवस-रात्र बूच सोसलं, नाकानं श्वास पुरला, तर नळी निघते.

सुमननं तो शब्द उचलला तो कायमचा. उठल्यावर बोट ठेवायची आणि विचारायची, "जाऊबाई, माह्यं डिकॅन्युलेशन कवा?" पोळा होऊ दे, दिवाळी होऊ दे, मी सांगायची. पोळ्यानंतर गेलो. बूच लावलं, दुपारपर्यंत ती खाटेची दांडी धरून बसली, मग डोळे पांढरे व्हायला लागले. बूच काढलं. दिवाळीनंतर गेलो, तेच. डॉक्टरांनी आत दुर्बीण घालून पाहिलं आणि म्हणाले, आतून भरताना जागा आवळली आहे. तेवढा आवळलेला तुकडा काढून टोकं जोडावी लागतील, ते नागपूरला होतं. सरकारी असलं तरी महिना-दोन महिने राहणं आलं, तपासण्या आल्या, बाहेरची औषधं आली. भाऊजी म्हणाले, "कापूस इकला की नागपूर."

आणि इथंच आम्ही सारे अडकलो. कापसाचा धंदा ज्यांना माहीत नाही त्यांना सांगते. भाव पडलेला असला की आमच्याकडे कापूस विकत नाहीत, घरात भरून ठेवतात. भाव चढेल म्हणून वाट पाहतात. पुढची खोली पत्र्यापर्यंत भरते, मग मधली, दार अर्धंच उघडतं, माणसं कापसावर झोपतात आणि अंगभर खाजवतात. तंतू हवेत तरंगत असतो. साध्या माणसाला नाकात केस आहेत, सुमनला गळ्यात उघडं तोंड. गॉज कितीही ओला ठेवा… गॉजही कापसाचाच की! कापसानं कापूस अडवायचा. सकाळी आतली नळी काढली की आत तंतू आणि कफ मिळून वात वळलेली असायची, दिव्यात घालावी तशी. ज्या कापसाच्या भावावर तिचं नागपूर होतं, तोच तिला श्वास घेऊ देत नव्हता. विकावा तर नागपूर जातं, ठेवावा तर श्वास जातो. शेजारी जाऊन बस म्हणावं, तर शेजारचं घरही तसंच भरलेलं. अख्ख्या गावात बिनकापसाची खोली एकच, बुद्धविहार.

मग दिवाळी ते होळी ती दिवसभर विहारात बसायची. मी सकाळी नळी उकळून बसवून दिली की डबा घेऊन जायची, भिंतीला टेकून लसूण सोलायची. संध्याकाळी वंदनेला बाया जमायच्या. ओळीमागून ओळ म्हणायला तिचा दम पुरायचा नाही. ती ऐकत राहायची आणि शेवटी सगळ्यांनी साधु म्हटलं की बोट ठेवून एकदाच म्हणायची. पोरं तिच्या त्या साधुची वाट पाहत हसत बसायची. सुरुवातीला ती चिडली, नंतर मुद्दाम लांबवायला लागली. पण रात्री घरी यावंच लागे. आणि नळी माझ्याशिवाय कुणाला जमत नव्हती. भाऊजींना आतल्या नळीची फिरकी लावता येत नसे. माझ्या लेकीच्या बाळंतपणाला मी एक रात्र राहून परत आले. निघताना लेकीनं बाळ आपल्याकडे ओढून घेतलं, ते मला लागलं. सुमन म्हणायची, "तुम्ही जात जा ना," आणि बोट काढून घ्यायची, पुढचं बोलायला तिला आणि मला दोघींनाही नको असायचं.

एका वर्षी माघात नळी पार बंद झाली. सुमन उठून बसली, हात हवेत मारायला लागली, ओठ निळे. मी फिरकी फिरवून आतली नळी ओढली तर बोटभर कापूस बाहेर आला. तिचा श्वास परत लागेस्तोवर भाऊजी दारात उभे होते. मी ती वात त्यांच्या तळहातावर ठेवली. ती बोटानं उलगडून पाहत ते म्हणाले, "आठ दिवस, वैनी. आठ दिवसांत भाव फिरते म्हणतात."

सुमननं बोट उचललं. "इका."

"अन् नागपूर?" भाऊजी म्हणाले.

"नागपूर राहू द्या."

"अवं, पण तुही नळी…"

"नळी माही हाय ना? मले घर पाह्यजे."

दुसऱ्या दिवशी टेम्पो आला. त्या हंगामातला सगळ्यात पडलेला भाव होता. भाऊजी दिवसभर भरत राहिले. संध्याकाळी मी सारवलं, झाडलं, भिंतीसुद्धा ओल्या फडक्यानं पुसल्या, आणि सुमनला विहारातून आणलं. ती चपला काढून एकेका खोलीत जाऊन आली. मधल्या खोलीत मधोमध बसली, जमिनीवर हात फिरवला. "केवढी मोठी हाय वं ही खोली," म्हणाली.

त्यानंतर आमच्या घरात कापूस आला नाही. शेतातून सरळ जिनिंगला, सरकी काढायच्या कारखान्यात, जो भाव असेल तो. भाव फिरला ती वर्षंही आली, शेजाऱ्यांना मिळाला, आम्हाला नाही. नागपूर काही झालं नाही. सकाळचा तो प्रश्न तिनं सोडला नाही, पण आता हसून विचारायची, आणि मी म्हणायची, पोळा होऊ दे. मागच्या खेपेला नवीन पोरगेल्या डॉक्टरनं कागद पाहून दुसऱ्याला इंग्रजीत सांगितलं, त्यात परमनंट हा शब्द होता. तो काही तिला समजावून सांगावा लागला नाही. येताना गाडीत तिनं सारा वेळ बाहेर पाहिलं. दुसऱ्या दिवशी सकाळी मात्र विचारलंच.

अंघोळ घालायला बाया जमल्या तेव्हा कांताबाई हळूच म्हणाली, "नळी तशीच राहू द्याची का?" कुणालाच ठाऊक नव्हतं. भाऊजी दाराबाहेरून म्हणाले, "काढा, वैनी." बाहेरची नळी मी कधी काढली नव्हती, ती दवाखान्यातच बदलत. मानेमागची फीत सोडली. सहज आली, काही अडलं नाही. इतक्या वर्षांचं ते तोंड बुजणार नव्हतं, तसंच उघडं राहिलं. त्यावर मी ओला गॉज ठेवला. कशाला ठेवला… हाताला तेवढंच ठाऊक होतं. "झालं वं तुह्यं डिकॅन्युलेशन," मी म्हटलं. बायांना कळलं नाही. बाहेर भाऊजी भिंतीकडे तोंड करून उभे राहिले.

परवा पहिला कापूस भरून टेम्पो शेतातून दाराशी येऊन थांबला. यंदा भाव पडलेलाच आहे. कांताबाईचा मुलगा टेम्पोवरून उतरला आणि चांगल्या मनानं म्हणाला, "काका, आता घरात भरून ठेवा ना. जरा थांबा, भाव चढते." खरंच होतं त्याचं. आता अडचण कुणाला होती? मधली खोली दारातून दिसत होती, सारवलेली, भिंतीपासून भिंतीपर्यंत मोकळी, एका कोपऱ्यात तिची खाट. भाऊजींनी वळून त्या खोलीकडे पाहिलं. आम्ही दोघंही थांबलो, ती बोट उचलेल म्हणून थांबायचो तसे.

मग ते म्हणाले, "घरात जागा नाई, बापू. जिनिंगले चाल."