टाकीवरचा सुपरहिरो

मी सिनेमा काढायचं ठरवलं, कारण मला कोणाला दिसायचं नव्हतं.

फाउंड फुटेज नावाचा सिनेमाचा एक प्रकार असतो. कोणाच्या तरी मोबाइलमध्ये सापडलेलं चित्रण आहे, असं भासवायचं. हात थरथरला तरी चालतो (उलट जास्तच खरं वाटतं!). त्यात सुपरहिरो असला, तर शेजारचाच कोणीतरी असतो, आणि तो आता उडेल असं क्षणभर खरंच वाटतं. मुख्य म्हणजे, मोबाइल धरणारी पडद्यावर येत नाही! बुलढाण्यात आमच्या कॉलेजच्या स्पर्धेला दुसऱ्याच दिवशी सिनेमा द्यायचा होता.

हिरो आमचे दिलीपकाका. पाठीवर बाबांना सत्कारात मिळालेली लाल शाल. भर दुपारी काका गावातल्या पाण्याच्या टाकीवर चढले आणि त्यांनी हात पसरले.

आमच्याकडे माणूस टाकीवर चढला की त्याचा एकच अर्थ होतो. आंदोलन!

पाच मिनिटांत अर्धं गाव जमलं. सरपंच धापा टाकत आले.

"दिलीपभाऊ, उतर बाप्पा! काय मागणी हाय तुही?"

"मागणी कायची? मी उडून राह्यलो!"

"उडू नको! पाया पडतो तुह्या!"

शेजारच्या शांताकाकूंनी पदर खोचला. "मागणी त्याले कायले इचारता? आठ दिवस झाले, नळाले थेंब नाही!"

"हाव! पाणी द्या!" गर्दी गरजली.

काका वरून केविलवाणे ओरडले, "मिनू, सांग ना वं त्यायले!"

सगळ्या माना माझ्याकडे वळल्या. फक्त एक वाक्य बोलायचं होतं. 'हा सिनेमा आहे.' मी मोबाइल तोंडासमोर धरला आणि म्हणाले, "एक्सक्यूज मी..."

"इंग्रजी शाळेत घातलं, तं दोनच शब्द शिकली काय वं?" बाबा कडाडले.

शेवटी सरपंचांनी गळ्याची शपथ घेतली. "उद्या सकाळी नळ सोडतो!" काका उतरले ते थेट लोकांच्या खांद्यावर. (पाणी खरंच आलं. शांताकाकूंनी काकांना ओवाळलं!)

घरी येऊन चित्रण लावलं. उन्हात स्क्रीन दिसत नव्हती, आणि गडबडीत अंगठा लागून सेल्फीचा कॅमेरा चालू झाला होता. अकरा मिनिटं नुसता माझा चेहरा!

"अन् मी कुठी हाय?" काकांनी विचारलं.

"तुमचा आवाज येतो ना, काका."

दुसरं काही हाताशी नव्हतं, म्हणून तेच दिलं. भेदरलेल्या मुलीच्या जिवंत अभिनयासाठी पहिलं बक्षीस! भरल्या सभागृहात मला शाल पांघरली, हातात माइक दिला. "दोन शब्द बोला."

बोलले.

"एक्सक्यूज मी."