मोहनच्या फोडणीचा आवाज

वहिनींचा फोन शेजारच्या जोश्यांकडे आला. मुलुंडहून फोन आहे, एवढंच जोशीकाकू दारातून ओरडल्या आणि मी चपला न घालताच धावलो. "भावजी, हे गेले," वहिनी म्हणाल्या. माझ्या तोंडून पहिला शब्द निघाला तो, "गाडी?" मग त्या म्हणाल्या, "नाही हो. दुपारी जेवून आडवे झाले होते. चहाला उठवायला गेले तर..." खरं सांगतो, त्या वेळी मला हायसं वाटलं. मित्र गेल्याचं कळल्यावर हायसं वाटावं, याची लाज अजून गेलेली नाही. पण आठ वर्षं मी या फोनची धास्ती घेऊन जगत होतो. माझ्या मनातल्या प्रत्येक फोनमध्ये मोहन रस्ता ओलांडत असायचा, मागून ट्रक हॉर्न वाजवत यायचा, आणि हा आपला समोर बघत शांतपणे चाललेला असायचा. कारण मोहनला ऐकू येत नव्हतं.

हे वाक्य मी आज पहिल्यांदा लिहितो आहे. टीव्हीवर कोळंबीचं सुकं करून दाखवणारा, मिशीतल्या मिशीत हसणारा मोहन सातार्डेकर आणि 'आधी कढई तापू द्या' या पुस्तकाचा लेखक मोहन सातार्डेकर वाचकांना माहीत आहे. त्याआधी तो चित्रपटांच्या रेकॉर्डिंगमध्ये व्हायोलिन वाजवायचा, हेही पुष्कळांना माहीत असेल. वाद्य का सोडलं, असं कोणी विचारलं की तो म्हणायचा, "आता विजेवरची एक पेटी आणतात, तिच्यातच शंभर व्हायोलिनं असतात. माझं काय काम?" लोक हसायचे. मी त्याच्या शेजारी उभा असायचो, मीही हसायचो. चौदाव्याला वहिनींना विचारलं, लिहू का खरं ते? त्या म्हणाल्या, "लिहा भावजी. आता कोण काढून टाकणार आहे त्यांना?"

आम्ही दोघं एका स्टँडवर वाजवायचो. व्हायोलिनवाल्यांत दोघांना मिळून एक स्टँड, एक नोटेशनचा कागद. आतल्या बाजूला बसणाऱ्याने पान उलटायचं. मी पान उलटायचो. गोरेगावच्या स्टुडिओपासून ताडदेवपर्यंत कुठेही रेकॉर्डिंग असलं तरी तो माझ्यासाठी डबा आणायचा. त्याची आई परळला गिरणीतल्या गाववाल्यांची खानावळ चालवायची. पाट्यावर वाटण वाटत हा लहानाचा मोठा झालेला, त्यामुळे सुट्टीत डबा उघडला की ढोलकवाल्यांपासून सॅक्सोफोनवाल्या फर्नांडिसपर्यंत सगळे आमच्याभोवती. फर्नांडिस म्हणायचा, "मोहन, तू गलत लाइन में है यार." मोहन माशाचा काटा काढत म्हणायचा, "गप रव. खा."

ऐंशी साल उजाडलं असेल. एकदा पान उलटताना मी त्याला हळूच म्हटलं, इथे अर्धी मात्रा थांब. तो थांबला नाही. मला वाटलं, लक्ष नव्हतं. मग असं दोनदा झालं, चारदा झालं. शेवटी अंधेरीला स्टेशनबाहेर उसाचा रस पिताना त्याने मला सांगितलं. डॉक्टर म्हणाले होते, आतली नसच सुकत चालली आहे, याला औषध नाही. "स्वतःचं वाजतं ते कळतं," तो म्हणाला. "हनुवटीतून येतं ना रे, हाडातून. बाकीच्यांचं लांब लांब चाललंय... खोलीतून एकेक माणूस उठून जावं ना, तसं." रसाच्या ग्लासावरची त्याची बोटं पांढरी पडली होती. कानामागे यंत्र लावलं तर दुसऱ्या दिवशी काम बंद, हे दोघांनाही ठाऊक होतं. वहिनी तेव्हा पोटुशी होत्या. मग आम्ही ठरवलं. सुरुवात कधी करायची ते तो समोर उभं राहून सगळ्या वादकांना हाताने इशारे देणाऱ्या साहेबांकडे बघून ठरवेल, मध्ये माझ्या बोवर, व्हायोलिनच्या गजावर, डोळा ठेवेल, आणि थांबायचं झालं की मी गुडघ्याने त्याचा गुडघा दाबायचा.

दीड वर्ष ते चाललं. बाहेरून बघणाऱ्याला आम्ही दोघं नेहमीसारखेच वाजवत होतो. रेकॉर्डिंग एका दमात व्हायचं. एकाची चूक म्हणजे सत्तर जणांनी पुन्हा पहिल्यापासून. मी माझं वाजवू की त्याच्या गुडघ्याकडे लक्ष देऊ? घरी जेवताना माझा पाय आपोआप दाबला जायचा. बायको विचारायची, काय होतंय? मी म्हणायचो, मुंग्या आल्यात.

त्या दिवशी सकाळपासून सहा टेक फुकट गेले होते. संगीतकार काचेमागे तापलेला. त्याचा साहाय्यक आमच्या रांगेसमोर येऊन उभा राहिला आणि आमच्या स्टँडकडेच बघत म्हणाला, "इथूनच कोणीतरी गडबड करतंय. आता सापडला तर बॅग उचलायची." सातवा टेक. मधल्या अवघड जागेपर्यंत नीट गेलं, आणि अचानक साहेबांनी हात वर करून सगळं थांबवलं. सगळे थांबले. मीही थांबलो. मोहनची नजर कागदावर होती, तिथे सोळा सूर पळत होते. त्या साहाय्यकाची नजर माझ्यावर होती. मला फक्त गुडघा दाबायचा होता... मी गुडघा बाजूला घेतला.

त्या भल्यामोठ्या हॉलमध्ये सत्तर माणसं गप्प बसलेली आणि एकट्या मोहनचं व्हायोलिन चाललेलं. सुरेल, स्वच्छ, एकही सूर न चुकता. किती वेळ चाललं असेल? पाच सेकंद, सहा सेकंद. मला अजूनही ते संपलेलं वाटत नाही. पुढच्या रांगेतले मागे वळून बघायला लागले तेव्हा त्याला डोळ्यांच्या कोपऱ्यातून ते चेहरे दिसले. बो थांबला. सगळ्यांना वाटलं, हा तंद्रीत वाजवत राहिला. त्याने व्हायोलिन पेटीत ठेवलं, त्यावर नेहमीसारखं फडकं टाकलं, पेटी बंद केली, आणि निघाला. मी उठलो नाही. आठवा टेक मी एकट्याने त्या स्टँडवर वाजवला.

पंधरा दिवस मी मुलुंडला जायची हिंमत केली नाही. गेलो तेव्हा मोहन स्वयंपाकघरात भरलं पापलेट करत होता आणि बाहेर साडीच्या निऱ्या सावरत एक बाई बसल्या होत्या. फर्नांडिसने पाठवलेल्या. टीव्हीवर गृहिणींसाठी संध्याकाळचा कार्यक्रम करायच्या त्या. स्वयंपाक दाखवणारी बाई बाळंतपणासाठी रजेवर गेली होती आणि फर्नांडिसने त्यांना मोहनच्या डब्याची गोष्ट सांगितली होती. पुरुषाने एप्रन घालून मासे करायचे, ही कल्पना बाईंना आवडली होती. मोहनने माझ्याकडे बघितलं. त्या दिवसाबद्दल अवाक्षर नाही. फक्त म्हणाला, "अंत्या, तू येशील ना सोबत?"

अशी माझी टीव्हीवरची नोकरी सुरू झाली. कागदोपत्री मी त्याचा मदतनीस. भाज्या चिरून द्यायच्या, मसाल्याच्या वाट्या ओळीने मांडायच्या. खरं काम कॅमेऱ्याच्या बाजूला उभं राहायचं. त्याला स्वतःचा आवाज किती चढला ते कळायचं नाही. मी तळहात खाली केला की तो हळू बोलायचा. दोन बोटं म्हणजे वेळ संपत आली. निवेदिका प्रश्न विचारणार असली की मी मूठ करायची, म्हणजे तो तिच्या ओठांकडे बघणार. पण ती मुलगी नवीन, हौशी. प्रश्न विचारता विचारता कॅमेऱ्याकडे तोंड वळवायची. ओठ दिसेनासे झाले की मोहनचे डोळे असे व्हायचे... पाण्यात पाय टेकत नाही म्हटल्यावर माणसाचे होतात तसे. मग तो अंदाजाने उत्तर द्यायचा. एकदा तिने विचारलं, "खोबरं सुकं चालेल का?" हा म्हणाला, "हो, दोन तास तरी भिजवा." मी घामाने भिजलो. लोकांना वाटलं, सुकं खोबरं भिजवून वाटायची मालवणी पद्धत असावी. तशी पत्रंही आली.

चौथा की पाचवा कार्यक्रम होता. कढईत तेल तापत ठेवून मोहन शेजारच्या टेबलाशी बोंबील पिळून कसे घ्यायचे ते दाखवत होता. कढईकडे पाठ. शेगडी मोठी राहिली होती. तेलातून धूर निघाला आणि बघता बघता भडका उडाला. निवेदिका किंचाळली. लाइटवाले ओरडले. मोहन कॅमेऱ्याकडे बघून हसत सांगत होता, "बोंबलातलं पाणी गेलं नाही तर तो मोडतो." ज्वाळा त्याच्या पाठीपासून दोन हातांवर, अंगात नायलॉनचा एप्रन. मी हातातली वाटी टाकली आणि धावलो, कॅमेऱ्यासमोरून, ओरडत, "मोहन, आग! आग!" बहिऱ्या माणसाला मी ओरडून सांगत होतो! पण माझा चेहरा त्याला दिसला. तो गर्रकन वळला, एका हाताने शेगडी बंद केली, दुसऱ्याने परात उपडी कढईवर ठेवली. मग माझ्याकडे बघून पुटपुटला, "केवढ्यांदा ओरडलास रे. तोंडावरून कळलं."

रेकॉर्डिंग वाया गेलं. बाईंनी मला बाहेर व्हरांड्यात नेलं. "त्यांना ऐकू येत नाही ना?" मी म्हटलं, "येतं हो. बोलण्याच्या नादात..." "ठीक आहे," बाई म्हणाल्या. "पण यापुढे कढई त्यांच्या समोर हवी. आणि ती मुलगी त्यांच्या समोरच्या स्टुलावर बसेल, मान न वळवता." त्यांनी पुन्हा कधी विचारलं नाही. मीही कधी सांगितलं नाही. दर वेळी टीव्ही केंद्राच्या फाटकातून आत शिरताना मला वाटायचं, आज सांगतील, उद्यापासून येऊ नका. सहा वर्षं गेलो, सहा वर्षं तसंच वाटलं. मोहनलाही वाटायचं. मेकअप करून घेताना त्याचे हात मांडीवर घट्ट धरलेले असायचे.

पुस्तक लिहायचं ठरलं तेव्हा तो अडला. मापं पाठ होती, पण तेल तापलं, कांदा शिजला, कालवण झालं हे आपण आवाजावरून ओळखतो, हे त्याला लिहायला बसल्यावर जाणवलं. त्याच्यासाठी ते आवाजच तर गेले होते. मग मी रविवारी जाऊन त्याच्या ओट्यापाशी बसायचो. तो मोहरी टाकायचा आणि माझ्याकडे बघायचा. "आता कसा येतो?" मी म्हणायचो, "कोरडा, तुटक. वरच्या सप्तकात." "आता?" "आता कमी झाला. खाली बसला." तो वहीत लिहायचा. पुस्तकात कालवणाची उकळी 'लांबच्या तंबोऱ्यासारखी' आहे ते शब्द माझे, आणि ते वाचून त्याला खूप पत्रं आली. तुमच्या लिखाणातून स्वयंपाकघर ऐकू येतं, असं एकीने लिहिलं होतं. ते पत्र त्याने दोनदा वाचलं आणि वहिनींच्या हातात दिलं. हसला नाही.

अशाच एका रविवारी कांदा परतता परतता, कढईवरची नजर न काढता तो म्हणाला, "त्या दिवशी तू गुडघा बाजूला घेतलास."

मी काही बोललो असतो तरी त्याला ते दिसलं नसतं.

"कळलं होतं मला. आधीपासून तुझा गुडघा लागत होता ना, गरम. तो गेला." त्याने गॅस बारीक केला आणि आता माझ्याकडे बघितलं. "भिलास तू. मीपण भिलो असतो रे."

मी मान हलवली. एवढंच. माफी मागायला तोंड उघडलं असतं तर रडू आलं असतं, आणि रडताना माझे ओठ त्याला वाचता आले नसते.

परवा मुलुंडला गेलो होतो. त्यांच्या दाराच्या बटणाला घंटा नाही. बटण दाबलं की स्वयंपाकघरात ओट्यावरचा एक लाल दिवा लागतो. मोहननेच इलेक्ट्रिशियनकडून तसं करून घेतलं होतं. मी नेहमी तीनदा दाबतो. परवाही दाबलं. आत काही हालचाल नाही. पुन्हा दाबलं. मग लक्षात आलं की वहिनी बाहेरच्या खोलीत असणार, दिवा बघायला स्वयंपाकघरात कोणी नसणार. दारावर थाप मारायला हवी होती. ते कळूनही मी बराच वेळ बटणच दाबत राहिलो... शेवटी शेजारणीने दार ठोठावून दिलं. वहिनी म्हणाल्या, "आता साधी बेल बसवून घेऊ या का, भावजी?"

मी म्हटलं, "बसवू. पण दिवा काढू नका."